काजळपोथी जळत नाही, भिजत नाही आणि तिची दुसरी प्रत नाही. मग कथा पुढे सरकणार कशी?

घाटवाट (प्रश्न):

गेली तीन वर्षे मी एक कादंबरी लिहीत आहे. ती ज्या काल्पनिक जगात घडते त्याचे नाव उदंब. उदंबात सात घाट आहेत, प्रत्येक घाटाच्या पायथ्याशी एक नगर आहे आणि अमावस्येच्या रात्री सातही नद्या दोन घटका उगमाकडे वाहतात. या जगातील सर्वांत मोठी दंतकथा म्हणजे काजळपोथी. सांजाई नावाची एक बाई मेघोटी नगराचे दिवे लावीत असे. ज्या घरात कोणी वारले असेल त्या घरी दहा दिवस तेवणाऱ्या दिव्यावर ती परळ धरून काजळ जमवी, आणि अशा ३६० घरांच्या काजळाची शाई करून तिने ३६० मंत्र लिहिले, अशी ती कथा आहे. मंत्र मोठ्याने वाचला की त्यात सांगितलेले घडते. पोथी जळत नाही, भिजत नाही, फाटत नाही आणि तिची दुसरी प्रत नाही.

येथपर्यंत मला सारे ठीक वाटत होते. मात्र आमच्या सदाशिव पेठेतील वाचनकट्ट्यावर मी पहिली नऊ प्रकरणे वाचून दाखविली, तेव्हा एका ज्येष्ठ सभासदांनी चष्मा काढून अगदी शांतपणे विचारले, “पोथी नवव्या प्रकरणात नायिकेच्या हाती आली आहे. मग ती त्याच रात्री हवे ते मंत्र वाचून घरी का जात नाही?” चहा येईपर्यंत कोणीही बोलले नाही. माझ्याकडे उत्तर नव्हते. त्यानंतर पोथीला शाप आहे, पोथीला राखणदार आहे, अशी दोन-तीन ठिगळे मी लावून पाहिली, परंतु ती ठिगळे आहेत हे लांबूनही दिसते.

माझा प्रश्न असा आहे की, एखाद्या ग्रंथाभोवती दंतकथा जमते ती कशामुळे, आणि त्याच्या सामर्थ्याला बाहेरून कुंपण न घालता आतूनच मर्यादा कशी आणावी? कातडी बांधणीचे, कुलूप लावलेले, धूळ खात पडलेले जाडजूड ग्रंथ मला नको आहेत. ते परक्या कथांतून पुष्कळ येऊन गेले आहेत. उदंब हे आपल्याकडच्या मातीतून उगवलेले जग वाटावे, अशी इच्छा आहे. नववे प्रकरण सोबत जोडले आहे. हस्तलिखितांशी संबंध आलेल्या सभासदांनी ते निर्दयपणे वाचावे.

पाठभेद:

नऊ प्रकरणे लिहून झाल्यावर असे सांगणे निष्ठुरपणाचे आहे, तरीही सांगतो: ‘दुसरी प्रत नाही’ हे वाक्य काढून टाका. पोथी एकच असेल आणि ती अभंगही असेल, तर तिच्या बाबतीत करण्यासारखी एकच गोष्ट उरते, ती म्हणजे तिला पळविणे. आणि पळवून झाल्यावर तुमच्या ज्येष्ठ सभासदांचा प्रश्न येणारच.

आपल्याकडे मोठ्या ग्रंथांचे आयुष्य असे नसते. भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिरावरून तुम्ही अनेकदा गेला असाल. १९१७ साली स्थापन झालेल्या या संस्थेने १९१९ मध्ये महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीचे, म्हणजे अनेक प्रती ताडून जुन्यात जुना पाठ ठरविण्याचे, काम हाती घेतले आणि ते १९६६ मध्ये संपले. १९२५ पासून प्रमुख संपादक असलेले विष्णु सीताराम सुकथनकर १९४३ मध्येच वारले. त्यांना शेवट पाहता आला नाही. या कामासाठी १,२५९ हस्तलिखिते विचारात घेतली गेली. कामाची रीत ऐकण्यासारखी आहे. आखलेल्या कागदावर वरच्या ओळीत एका प्रतीतील श्लोक, एका रकान्यात एक अक्षर, असा लिहायचा. मग प्रत्येक दुसऱ्या प्रतीसाठी खाली एक ओळ घेऊन, जेथे अक्षर वेगळे असेल तेवढेच त्या रकान्यात भरायचे. असे कागद भरत गेले की कोणती प्रत कोणत्या घराण्यातली आहे हे तिच्या चुकांवरून उमगू लागते, कारण दोन प्रतींत एकच चमत्कारिक चूक आढळली तर त्या दोघींचे माहेर बहुधा एक असते.

या काटेकोरपणाची किंमतही मोजावी लागली. व्यासांनी सांगितले आणि गणपतीने लिहून घेतले ही आपणा सर्वांना पाठ असलेली कथा मूळ संहितेत टिकली नाही. ती परिशिष्टात गेली. गणपतीच्या गावात बसून गणपतीला परिशिष्टात पाठविणारे संपादक मला कोणत्याही मांत्रिकापेक्षा धाडसी वाटतात.

आता हे उदंबात न्या. मंत्राला अक्षराची चूक चालत नाही, हा विचार आपल्याकडे फार जुना आहे. त्वष्ट्याला इंद्राला मारणारा पुत्र हवा होता. ‘इन्द्रशत्रु’ या शब्दातील शेवटचे अक्षर उदात्त, म्हणजे चढ्या स्वरात, म्हटले असते तर ‘इंद्राचा मारेकरी’ असा अर्थ झाला असता. त्याने पहिले अक्षर उदात्त म्हटले, अर्थ ‘इंद्र ज्याचा मारेकरी आहे असा’ झाला, आणि तो पुत्र, वृत्र, इंद्राच्याच हातून मेला. शब्द तोच, अक्षरे तीच, केवळ स्वर चुकला. पुणेकरांना तर याहून जवळचे उदाहरण माहीत आहे. ३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा खून झाला, तो ‘धरावे’चे ‘मारावे’ केल्यामुळे, ही ‘ध’चा ‘मा’ची आख्यायिका खरी असो वा नसो, एका अक्षराला माणूस मारता येतो यावर या शहराने अडीचशे वर्षे विश्वास ठेवला आहे.

तेव्हा सांजाईची मूळ पोथी आता कोणीच पाहिलेली नाही असे करा. सात नगरांत तिच्या प्रती आहेत, प्रतींच्या प्रती आहेत, आणि प्रत्येक नगर आपलीच शुद्ध म्हणते. एका प्रतीत ‘घन येवो’ आहे, दुसरीत लेखनिकाचा बोरू घसरून ‘धन येवो’ झाले आहे. दुष्काळी गावात पाऊस पाडायला गेलेल्या मांत्रिकाने दुसऱ्या प्रतीवरून मंत्र म्हटला. विहिरी कोरड्याच राहिल्या आणि अंगणांत मोहरांचा खच पडला, ज्यांच्या बदल्यात पाणी विकायला कोणी शिल्लक नव्हते. नायिका सारे मंत्र एका रात्रीत का वाचत नाही, याचे उत्तर तुम्हाला मिळाले असेल: कोणता पाठ खरा हे तिला माहीत नाही, आणि पडताळून पाहायचे तर मंत्र म्हणावाच लागतो.

लेखनिकांना दोष मात्र देऊ नका. बिचाऱ्यांनी पोथीच्या शेवटी आधीच हात झटकलेले असतात: ‘यादृशं पुस्तकं दृष्टं तादृशं लिखितं मया’, म्हणजे जसे दिसले तसे उतरवले, शुद्ध-अशुद्धाचा दोष मला देऊ नये. मंत्रपोथीच्या शेवटी हा श्लोक वाचल्यावर अंगावर काटा यायला हवा.

बोरूबहाद्दर:

मी अक्षरलेखन करतो आणि जुन्या पोथ्यांची डागडुजी शिकतो आहे, त्यामुळे माझे बोलणे अर्थापेक्षा वस्तूविषयी असेल.

आपण कातडी बांधणी नको म्हणता, परंतु नवव्या प्रकरणात नायिका पोथी उघडते तेव्हा ‘तिचा कणा करकरतो’. पोथीला कणा नसतो. ती सुट्या, आडव्या पानांची असते, खाली-वर लाकडी फळ्या असतात, सारे कापडी बासनात बांधलेले असते आणि पान डावीकडे नव्हे तर वरच्या बाजूला उलटतात. ही बारीक गोष्ट नाही. सुटी पाने गळतात, मागेपुढे होतात, एखादे शेजारच्या पोथीत जाऊन बसते. आपल्या ३६० मंत्रांपैकी किती खरोखर सांजाईचे आहेत आणि किती कोणाच्या तरी स्वयंपाकाच्या वहीतून आले आहेत, हे कोणी सांगावे?

शाईचे वर्णन मला आवडले, कारण ते खरे आहे. दिव्याचे काजळ डिंकाच्या पाण्यात दिवसच्या दिवस घोटून शाई होते. काजळ म्हणजे निव्वळ कोळसा, तो उन्हाने विटत नाही, आणि म्हणूनच शेकडो वर्षांची अक्षरे आजही काळीभोर दिसतात. मात्र डिंक पाण्यात विरघळतो. येथे आपण ‘पोथी भिजत नाही’ असे लिहून हाती आलेले सोने नदीत टाकले आहे. १२ जुलै १९६१ रोजी पानशेतचे धरण फुटले तेव्हा आमचे नारायण पेठेतील घर पाण्यात गेले. माळ्यावर चढवायची राहून गेलेली एक पोथी आजोबांनी चौथ्या दिवशी चिखलातून काढली. पाने एकमेकांना चिकटली होती. ती सोडविली तेव्हा समोरासमोरच्या पानांवर एकमेकांची अक्षरे उलटी उमटली होती. लहानपणी मी ती पाने आरशासमोर धरून वाचीत असे. उदंबातील एक प्रत अशी भिजलेली असू द्या. तिच्यात प्रत्येक मंत्रावर शेजारच्या मंत्राची उलटी सावली आहे, आणि आपल्या नद्या तर अमावस्येला उलट्या वाहतातच. त्या दोन घटकांत ही उलटी अक्षरे सुलट होत असतील का, हे आपण ठरवा.

सात नगरांत सात प्रती असतील तर त्या एकाच द्रव्याच्या असू नयेत. वरच्या, थंड घाटात भूर्जपत्र, म्हणजे भूर्ज झाडाची साल, असेल. ते पापुद्र्यांचे असते आणि जुने झाले की हात लावताच सुटे होते. खाली, दमट प्रदेशात ताडपत्र. त्यावर लोखंडी कंटकाने अक्षर कोरायचे आणि मग काजळ चोळायचे, म्हणजे ते भेगांत बसते. ताडपत्रावर शिरोरेषा ओढणे धोक्याचे असते, कारण आडवी रेघ पानाच्या शिरांच्या दिशेने जाते आणि पान चिरते. म्हणून खालच्या नगरांची लिपी आपोआप गोलसर होईल. मधल्या नगरांत हातकागद असावा, आपल्या जुन्नरी कागदासारखा घोटून गुळगुळीत केलेला. भांडारकर संस्थेतील ऋग्वेदाच्या ज्या ३० हस्तलिखितांची २००७ मध्ये युनेस्कोच्या जागतिक स्मृतीच्या नोंदवहीत नोंद झाली, त्यांत एक शारदा लिपीतील भूर्जपत्राचे आहे. बाकीच्यांशेजारी त्याची कल्पना करून पाहिली तरी द्रव्य बदलले की ग्रंथाचे व्यक्तिमत्त्व किती बदलते हे लक्षात येईल.

जाता जाता एक खरी मंत्रपोथी सांगतो. १८९० साली मध्य आशियातील कुचा येथे भूर्जपत्रावरील एक जुने हस्तलिखित मिळाले. ते बॉवर हस्तलिखित म्हणून ओळखले जाते. त्यात औषधे आहेत, फासे टाकून भविष्य पाहण्याची रीत आहे आणि सर्पदंशावरचा मंत्रही आहे. सुरुवात मात्र लसणाच्या गुणगानाने होते. जादूच्या पुस्तकात लसूण असावा, एवढे माझे ऐकाच.

शेवटचे म्हणजे हरताळ. लेखनिकाची चूक झाली की त्या अक्षरावर हरताळाचा पिवळा लेप देऊन वर नवे अक्षर लिहीत. ‘हरताळ फासणे’ हा आपला वाक्प्रचार तेथूनच आला. हरताळ हे सोमलाचे द्रव्य आहे, विषारी आहे. म्हणजे ज्या पोथीत जास्त चुका दुरुस्त झाल्या ती पोथी जास्त पिवळी आणि जास्त विषारी. बोटाला थुंकी लावून पान उलटणाऱ्या मांत्रिकांचे काय होत असेल, याचा विचार करून मी दोन दिवस खूश आहे.

बोपदेव:

वरील दोन्ही उत्तरे विद्वत्तेची आहेत आणि मला ती आवडली, परंतु या मार्गाने गेल्यास कादंबरीचा प्रबंध होईल अशी भीती वाटते. मंत्र पोथीत असतो, हेच मुळात मला मान्य नाही.

आमच्या घरी नवनाथ भक्तिसाराचे पारायण होत असे. धुंडिसुत मालूने शके १७४१ मध्ये पूर्ण केलेला हा ४० अध्यायांचा ग्रंथ मंत्रविद्येच्या कथांनी भरलेला आहे, आणि कोणता अध्याय वाचल्याने कोणते संकट टळते तेही सांगितलेले असते; तरीसुद्धा तो वाचून कोणी मच्छिंद्रनाथ झाल्याचे ऐकिवात नाही. विद्या गुरूकडून येते. पोथी घरोघर असते, विद्या नसते. सप्तशतीचा पाठ करणाऱ्यांना कीलक आणि उत्कीलन हे शब्द ठाऊक असतील: मंत्राला खीळ घातलेली आहे, ती काढण्याचा विधी वेगळा आहे, आणि तो केल्यावाचून पाठ फळत नाही, अशी श्रद्धा आहे. आपल्याला बाहेरचे कुंपण नको होते. ही खीळ मंत्राच्या आतच बसते.

याच ग्रंथातील एक प्रसंग आपल्या उपयोगाचा आहे. मच्छिंद्रनाथांनी दिलेला संजीवनी मंत्र गोरक्षनाथ घोकीत बसलेले असतात. गावातली मुले त्यांच्याकडे चिखलाचा गाडीवान करून मागतात. ओठांवर मंत्र चालूच, हात चिखलात. आणि तो चिखलाचा पुतळा जिवंत होतो. मुले भूत भूत म्हणून पळतात. तो मुलगा म्हणजे गहिनीनाथ, ज्यांच्याकडून पुढे निवृत्तिनाथांना दीक्षा मिळाली. मंत्र शुद्ध होता, अधिकार होता, पाठभेदाचा प्रश्नच नव्हता. तरीही जे घडले ते कोणाच्या मनात नव्हते. मंत्र पाठ करताना हात कोठे होते, याला महत्त्व आले. मला वाटते, आपली नायिका सारे मंत्र एका रात्रीत वाचत नाही, कारण मंत्र म्हणताना जवळ काय काय आहे, कोण झोपले आहे, चुलीवर काय शिजते आहे, या सर्वांना तो लागू होतो.

‘पोथी भिजत नाही’ याविषयी आणखी एक. तुकोबांचा गाथा इंद्रायणीत बुडविला गेला आणि कोरडा वर आला, ही कथा देहूत पिढ्यान्‌पिढ्या सांगितली जाते. त्या कथेत तेरा दिवसांचे अन्नपाण्यावाचून धरणे आहे. न भिजणे हा तेथे कागदाचा गुण नाही. कोणीतरी शिळेवर उपाशी बसले होते म्हणून ते एकदा घडले. आपल्या पोथीचे न भिजणे फुकटचे आहे, म्हणून ते कोणाच्या मनाला लागत नाही.

आणि लोकांपासून लपवायचेच असेल तर कुलूप कशाला? महानुभावांनी आपले ग्रंथ सकळ लिपीसारख्या सांकेतिक लिप्यांत लिहिले. पोथ्या मठांत होत्या, अक्षरे दिसत होती, परंतु बाहेरच्या कोणाला वाचता येत नव्हती. भारत इतिहास संशोधक मंडळाच्या संस्थापकांपैकी एक असलेल्या वि. का. राजवाड्यांनी सकळ लिपीचा उलगडा केला तेव्हा कोठे मराठी वाचकांना हे भांडार मोकळे होऊ लागले. सर्वांसमोर उघडी पडलेली आणि तरीही बंद असलेली पोथी ही लोखंडी साखळीपेक्षा मोठी जादू आहे.

घाटवाट:

तिन्ही उत्तरांबद्दल मनापासून आभार. कण्याचे वाक्य आजच काढले. लसूणही घेत आहे.

‘पाठभेद’ आणि ‘बोपदेव’ यांच्यात मला निवड करावी लागेल असे आधी वाटले. परंतु मंत्र चुकीचा असू शकतो आणि बरोबर असला तरी जवळच्या वस्तूला लागतो, या दोन्ही गोष्टी एकाच जगात नांदू शकतात. एक अडचण उरते. मूळ पोथी गेली कोठे? ती हरवली म्हटले की वाचक शेवटच्या प्रकरणात ती सापडण्याची वाट पाहत बसेल. ती राजाने जाळली म्हटले तर ते फार ऐकलेले वाटते. सांजाईने ती स्वतःच नष्ट केली असावी का? पण का करावी?

सदाशिव ३०:

मी येथे सहसा केवळ वाचतो. परंतु या प्रश्नाचे उत्तर पैठणला तयार पडलेले आहे, म्हणून लिहितो.

गुणाढ्य हा प्रतिष्ठानच्या सातवाहन राजाच्या पदरी होता. राजाला संस्कृत शिकवायला सहा वर्षे लागतील असे त्याने सांगितले; दरबारातला दुसरा पंडित शर्ववर्मा म्हणाला, सहा महिने पुरेत. गुणाढ्याने पैज घेतली आणि हरला, तेव्हा प्रतिज्ञेप्रमाणे त्याने संस्कृत, प्राकृत आणि देशी या तिन्ही भाषा सोडल्या आणि अरण्यात जाऊन पिशाचांची मानलेल्या पैशाची भाषेत सात लक्ष श्लोकांची बृहत्कथा लिहिली. अरण्यात शाई नव्हती, म्हणून स्वतःच्या रक्ताने. राजाने ती भाषा पाहून, ते रक्त पाहून ग्रंथ परत पाठविला. मग गुणाढ्याने अग्निकुंड पेटविले आणि एकेक पान पशुपक्ष्यांना वाचून दाखवून त्यात टाकले. जनावरे चरायची थांबली, डोळ्यांत पाणी आणून ऐकत उभी राहिली.

पुढचा भाग मला सर्वांत आवडतो. राजवाड्यात मांस नीरस येऊ लागले. आचाऱ्यांना विचारले, त्यांनी पारध्यांकडे बोट दाखविले, पारधी म्हणाले की रानातली जनावरे न खाता एका ब्राह्मणाची गोष्ट ऐकत उभी आहेत. म्हणजे ग्रंथ जळत असल्याचे राजाला कळले ते मुदपाकखान्यातून. तो धावत गेला तेव्हा सहा लक्ष श्लोक जळून गेले होते. एक लक्ष उरले होते.

आता सांजाईकडे पाहा. ३६० मेलेल्या माणसांच्या दिव्यांचे काजळ तिने घेतले. त्या घरांनी तिला दिवे लावायला बोलावले होते, काजळ न्यायला नव्हे. मला वाटते, तिला ते परत करावेसे वाटले असेल. प्रत्येक घरी जाऊन त्या घरच्या काजळाने लिहिलेला मंत्र तिने त्या घरातल्यांना एकदा ऐकविला असेल आणि ते पान त्यांच्याच दिव्यावर धरले असेल. ज्यांनी ऐकले त्यांच्यापैकी काहींनी आठवेल तसे लिहून ठेवले. ‘पाठभेद’ यांच्या प्रती तेथून सुरू होतात. दुसऱ्या शब्दांत, मूळ पोथीची प्रत कोणी केलीच नाही. सर्व प्रती ऐकीव आहेत.

पाठभेद:

हे माझ्या सूचनेपेक्षा सरस आहे, हे कबूल करतो. केवळ एक भर घालतो. जो एक लक्ष उरला म्हणतात तोही आज पैशाचीत उपलब्ध नाही. बृहत्कथा आपल्याला माहीत आहे ती क्षेमेंद्राची बृहत्कथामंजरी, सोमदेवाचा कथासरित्सागर, बुधस्वामीचा बृहत्कथाश्लोकसंग्रह अशा तिच्या लेकीसुनांवरून, आणि त्यांचे आपापसांत पटत नाही. क्षेमेंद्र आणि सोमदेव दोघेही काश्मीरचे, दोघेही अकराव्या शतकातले, तरी त्यांच्या मांडणीत फरक आहेत. बुधस्वामीची तर वाटच निराळी. ऐकीव प्रतींतून मूळ पाठ सिद्ध करणे लेखी प्रतींहून कितीतरी अवघड असते, कारण लेखनिक अक्षर चुकतो, पण ऐकणारा अर्थ ‘सुधारतो’. शोकात असलेल्या माणसाने ऐकलेला मंत्र तर तो आपल्या गरजेप्रमाणे सुधारणारच. आपल्या ३६० मंत्रांतील निदान निम्मे मंत्र मेलेल्याला परत बोलावण्याचे होऊन बसतील, मुळात ते काहीही असोत.

घाटवाट:

शेवटचे वाक्य वाचून मी लिहायला बसले आणि रात्रीचा दीड वाजला. नवी रूपरेषा थोडक्यात देते.

सांजाईने पाने त्या त्या घरी वाचून जाळली. सात नगरांत आज ज्या प्रती आहेत त्या ऐकणाऱ्यांच्या आठवणीतून आलेल्या आहेत. प्रत्येक घराण्याचा हट्ट असा की, आपल्या घरचा मंत्र मृताला परत आणण्याचा होता. आणि तो म्हटला की जवळच्या कोठल्या तरी वस्तूत प्राण येतो, पण गेलेले माणूस येत नाही. मेघोटीत म्हणून बोलकी जाती आहेत, श्वास घेणारे उंबरे आहेत, आणि एका घरी पाळण्याची दोरी रात्री स्वतःच ओढली जाते. नायिका राधी ही मांत्रिक नाही. ती नगराच्या ग्रंथागारात प्रती ताडून पाहण्याचे काम करते. तिला नवव्या प्रकरणात पोथी मिळत नाही. तिच्यासमोर आखलेला कागद येतो, आणि पुरात भिजलेल्या प्रतीतील उलट्या अक्षरांवरून तिच्या लक्षात येते की तिच्या स्वतःच्या घरचा मंत्र मुळात बोलावण्याचा नव्हता, निरोप देण्याचा होता. तिच्या आईने ‘जा’ हे अक्षर ऐकले होते आणि ‘ये’ लिहिले होते. घरात वीस वर्षे एक समई बोलते आहे, आणि तिला आईचा आवाज आहे की नाही यावर बहिणींत वाद आहेत. राधी हरताळ घेऊन त्या एका अक्षरावर बसते.

कट्ट्यावर शनिवारी हे वाचले. ज्येष्ठ सभासदांनी चष्मा काढला नाही. त्यांनी विचारले, “हरताळ फासल्यावर समई बोलायची थांबते, की नवे अक्षर लिहिल्यावर?” मी म्हणाले, नवे अक्षर लिहिल्यावर. ते म्हणाले, “मग मधल्या वेळात ती काय बोलते, ते लिहा.” ते लिहायला मला भीती वाटते आहे, तरी लिहीन.

आपल्या म्हणण्याप्रमाणे राधी पोथीच्या शेवटी लेखनिकाचा श्लोक वाचते. ‘यादृशं’ऐवजी दुसरा घेतला आहे, जो तेलापासून, पाण्यापासून, सैल बांधणीपासून आणि मूर्खाच्या हातापासून मला जपा असे सांगतो, आणि ज्याचा शेवट ‘एवं वदति पुस्तकम्’, म्हणजे ‘असे पुस्तक म्हणते’, असा आहे. उदंबात पुस्तक हे खरोखर म्हणते, एवढाच बदल मी केला आहे.

बोरूबहाद्दर:

उत्तम. ‘जा’ची ‘ये’ केली तेथे अक्षराच्या आकारात साम्य नाही, म्हणून ती लेखनिकाची चूक नव्हे, हे राधीला आखलेल्या कागदावर लगेच दिसेल. तो क्षण सोडू नका.

एक तांत्रिक गोष्ट मात्र आहे. हरताळ डिंकाच्या पाण्यात कालवून लावतात आणि लेप पुरता वाळून घोटला गेल्याशिवाय त्यावर लिहिले तर शाई फुटते व अक्षर फाटके येते. पावसाळ्यातली अमावस्या असेल, तर लेप दोन घटकांत वाळणार नाही. राधीने तो आदल्या दिवशी दुपारी लावलेला असू द्या, आणि रात्रभर समईला बोलू द्या. कवडीने घोटले तर चालेल. कवडी घरात असतेच.